वर्गात नेलेली खुर्ची

मी खुर्ची बोलतेय. सागवानी, हातांची, पाठीवर एका बाजूला काळा डाग असलेली. सध्या डिली शहरात, बेकोराच्या चढावरच्या एका घराच्या पडवीत असते. स्वस्थ बसणं मात्र मला कधी जमलं नाही. खुर्चीनं असं म्हणावं याचं तुम्हाला हसू येईल, पण माझी हकिगतच तशी आहे.

आगोस्तिन्यो आणि एर्मेलिंदा यांच्या लग्नासाठी शेजारच्या सुतारानं एक टेबल आणि आम्हा चार खुर्च्या घडवल्या. पुढं बऱ्याच वर्षांनी मतदान झालं, देशानं इंडोनेशियापासून स्वातंत्र्य मागितलं आणि त्याच वर्षी सप्टेंबरात शहर पेटवून देण्यात आलं. घरचे डोंगरात पळाले. टेबल जळालं, माझ्या तिघी बहिणी जळाल्या. माझा पाय डुगडुगत होता म्हणून मला मागच्या चिंचेखाली टाकलं होतं. तेवढ्यानं मी वाचले.

घरचे परत आले तेव्हा घराच्या नुसत्या भिंती उरल्या होत्या. वर निळी ताडपत्री बांधली. पळापळीत आगोस्तिन्योच्या कमरेत बंदुकीचा दस्ता बसला होता. त्याला जमिनीवर बसता येईना, आणि बसलाच तर कुणी उठवल्याशिवाय उठता येईना. माझ्या हातांवर जोर दिला की मात्र तो आपला आपण उभा राही. त्यामुळं मी त्याचीच झाले.

वर्षभरानं विद्यापीठ पुन्हा उघडणार असल्याची बातमी आली. स्वतःच्या देशाचं, सरकारी. आगोस्तिन्योची दोन्ही मुलं प्रवेश परीक्षेला बसली. धाकटी सेलेस्तिना नुकतीच शाळा संपवून बसली होती. थोरला अबिलियो जावामध्ये इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला होता. दंगे सुरू झाले तसा सगळं टाकून आला होता. आता त्यालाही पहिल्यापासून सुरुवात करायची होती. जागा थोड्या आणि पोरं हजारोंनी.

फाटकाशी कर्ण्यावरून नावं वाचली. सेलेस्तिनाचं नाव आलं. अबिलियो वाचन संपेपर्यंत उभा राहिला, आणि संपल्यावरही बराच वेळ तिथंच होता म्हणे. घरी येऊन एवढंच म्हणाला, "सेलेस्तिनाला जागा मिळाली." मग मका-भोपळ्याचं ताट पुढं ओढून खाली मान घालून जेवला.

जागा मिळाली, पण बसायला काही नव्हतं. विद्यापीठाचंही सगळं सामान जळालेलं. ज्यानं त्यानं आपापलं बसायचं आणावं, असं सांगण्यात आलं.

"मी खाली बसेन, आपा," सेलेस्तिना बापाला म्हणाली.

"आणि लिहिणार कशावर, गुडघ्यावर? घेऊन जा ही. मी पडून राहीन दिवसभर. मला काय धाड भरलीय?"

पहिल्या दिवशी अबिलियोनं मला डोक्यावर घेतलं. वाटेत एका मिक्रोलेटच्या, म्हणजे इथल्या छोट्या बसच्या, दारात लटकणारा पोऱ्या ओरडला, "ओ मंत्रीसाहेब, खुर्ची कुणाची पळवली?"

"पळवली नाही, निवडून आलीय," अबिलियो म्हणाला. सेलेस्तिना हसली. फाटकाशी त्यानं मला तिच्या हाती दिलं, आणि तो मागं वळला.

वर्गात काय एकेक बैठका होत्या! चर्चमधला बाक, तेलाचं पिंप, न्हाव्याची फिरती खुर्ची. नातालियाबाई गणित शिकवायच्या. खिडकीला चौकट नव्हती. दुसऱ्याच दिवशी त्या भगदाडात मला अबिलियोचं कपाळ दिसलं. रोज दिसू लागलं. सेलेस्तिनाची पाठ खिडकीकडं होती. तिला काहीच ठाऊक नव्हतं.

माझा जीव टांगणीला लागला, कारण घरी काय ठरलंय ते मला माहीत होतं. एर्मेलिंदा दिवसभर बाजारात भाजी विकायला बसे. अबिलियोनं सकाळी काम शोधावं आणि दुपारी घरी जाऊन बापाला उठवावं, जेवू घालावं, असं ठरलं होतं. तो इथं होता. मग तिथं कोण होतं?

आणि नको तेच झालं. एका दुपारी सेलेस्तिना मला घेऊन घरी आली, तर आगोस्तिन्यो अंगणात पाण्याच्या पिंपाशी उन्हात पडलेला. भिंतीला धरून उठून पाणी घ्यायला गेला होता. कपाळ फुटलं होतं. तिनं कसंबसं त्याला माझ्यावर बसवलं. अंगात ताप होता, तो मला माझ्या पाठीला जाणवत होता. मागोमाग अबिलियो आला.

"दुपारी तू घरी असायला हवा होतास, माऊन," ती म्हणाली. थोरल्या भावाला ती माऊनच म्हणायची. "कुठं होतास?"

"तुझ्या मागं."

"म्हणजे?"

"खिडकीपाशी. रोजच असतो."

"आपा इथं उन्हात पडले होते, आणि तू वर्ग ऐकत होतास?"

"हो." त्यानं पिंपातलं पाणी काढून तिच्यापुढं ठेवलं. "मी काम शोधायलाच निघतो गं. चौकापर्यंत येतो, आणि पाय तिकडंच वळतात. तिसऱ्या वर्षी आम्हाला पुलाचं गणित शिकवत होते. ते अर्धंच राहिलं."

ती कपड्यानं बापाचं कपाळ पुसत राहिली.

आगोस्तिन्योच बोलला. "ही खुर्ची आता घरीच राहू दे. माझा मी उठेन. तुम्ही दोघं जा. आणि अबिलियो, चोरासारखा खिडकीत उभा राहू नकोस. आत जाऊन विचार तरी."

सेलेस्तिनानं विचारलं. नातालियाबाई म्हणाल्या की नाव नाही तर परीक्षा नाही, पदवी नाही. पण ऐकायला आलेल्याला त्या हाकलणार नाहीत. मग वर्षभर ती दोघं भाऊबहीण जमिनीवर शेजारी शेजारी बसली.

मी घरी राहिले. आगोस्तिन्यो माझ्या हातांवर जोर देऊन उठायचा, रस्त्याकडं बघायचा, बसायचा, पुन्हा उठायचा. आज काय शिकवलं असेल, याची त्याच्याइतकीच मलाही घाई. संध्याकाळी दोघं भांडतच यायची आणि खडूनं भिंतीवर गणितं मांडायची. भिंत आधीच जळकी आहे, आता तिला तरी सुखानं राहू द्या, म्हणून एर्मेलिंदा करवादायची, पण पुसायची नाही.

पुढच्या वर्षी अबिलियोनं पुन्हा परीक्षा दिली. आता सरकारी भाषा झालेली पोर्तुगीजही यायला हवी होती आणि त्याचं सगळं शिक्षण इंडोनेशियन भाषेतून झालेलं. कर्ण्यावर त्याचं नाव आलं नाही. काही महिन्यांनी तो आयर्लंडला, मांसाच्या कारखान्यात कामाला गेला. जाताना माझा डुगडुगता पाय घट्ट ठोकून गेला. तो अजून तिथंच आहे. फोन आला की आधी तब्येत विचारत नाही. "सध्या काय शिकवतेस?" एवढंच विचारतो.

कारण सेलेस्तिना आता त्याच विद्यापीठात शिकवते. आगोस्तिन्यो एका दुपारी माझ्यावर बसल्याबसल्याच गेला.

आता तिथं खुर्च्यांना तोटा नाही, प्लॅस्टिकच्या चळतीच्या चळती आहेत. पण प्रवेशाचे दिवस आले की मला धास्ती वाटते. डोंगरातून आईबाप येतात, सोबत कॉफी, कोंबडी. माझ्या कडेला टेकून बसतात. "फक्त एक जागा, बाई. पोरगी हुशार आहे." जागा देणं तिच्या हातात नसतं. ती कोंबडी परत देते, चहा करते. ते गेले की पडवीत येरझाऱ्या घालत राहते, आणि माझ्यावर बसत नाही.

परवा विद्यापीठाची काही माणसं आली होती. वर्धापनदिनासाठी त्यांना मी हवी आहे. एक खोली रिकामी करणार आहेत. त्या दिवसांची आठवण म्हणून मला तिथं काचेमागं ठेवायचं म्हणतात. सेलेस्तिनानं, बघते, म्हणून सांगितलंय. मला कुणी विचारलं नाही, म्हणून तुम्हाला सांगते.

मला काचेमागं ठेवू नका हो. मी राहीन इथं पडवीत, उन्हापावसात. आणि न्यायचंच असेल तर माझ्यावर कुणाला तरी बसवा. पण ती खोली रिकामी होणार असेल, तर तिच्यात वर्ग भरवा.