रणगाड्याभोवतीची फेरी

"वहिनी, मुंगीचा हात सोडू नका. आमच्या पडद्यावर गाड्या दिसतात, पोरं नाही दिसत," नवऱ्याच्या तुकडीतले जुने प्रशिक्षक, सगळ्यांचे उस्ताद, म्हणाले, तेव्हा मी हसले होते. "अहो उस्ताद, मिक्सर लावला तरी ही माझ्या पाठीमागे लपते. रणगाड्याजवळ कुठली जातेय!"

त्या दिवशी जवानांच्या घरच्यांना लष्करी तळ दाखवत होते. तीन वर्षांच्या लेकीला, मुंगीला, घेऊन मी कमांडच्या गाडीत चढले. बाहेरून नुसता लोखंडी डबा. आत पडद्यावर मैदानातले सहा रणगाडे, सहा निळे ठिपके. "तिसऱ्यात बाबा," मी मुंगीला दारातून बोट करून दाखवलं. तिथून हुकूम देणाऱ्या साहेबांनी मला हेडफोन दिला, एक बटण दाबलं आणि शेजारच्याशी बोलावं तसं म्हणाले, "इंजिन सुरू."

सहाही धुडं एकदम गुरगुरली. पायाखालचा पत्रा थरथरला, माझे दातसुद्धा. एका माणसाच्या साध्या शब्दावर एवढं लोखंड जागं होतं! आणि त्यातला एकजण घरी तीन हाकांशिवाय उठत नाही.

घसरणारा हेडफोन मी दोन्ही हातांनी सावरला. खाली बघते तर मुंगी नाही.

"तीन नंबर, मागे घ्या," साहेब म्हणाले. पडद्यावर सगळं ठीकठाक होतं. मी दारातून वाकून तिला शोधत होते.

कानात नवऱ्याचा आवाज आला. "फेरी बाकी आहे, साहेब. उस्ताद फिरतायत."

रणगाडा हलवण्याआधी एकाने त्याच्याभोवती चालत पूर्ण फेरी मारायची, तळहात लोखंडावरून न उचलता. हुकूम कुणाचाही असो. या फेरीवरून मी नवऱ्याला किती चिडवलं होतं, "प्रदक्षिणा झाली का?" म्हणून!

"थांबा! सगळे बंद!" उस्ताद ओरडले.

सहा इंजिनं एका दमात गप्प झाली. तशी शांतता मी पुन्हा कधी ऐकलेली नाही. तिसऱ्या रणगाड्यामागून उस्ताद आले, कडेवर मुंगी. ती चाकांवरच्या लोखंडी पट्ट्याला टेकून "बाबा, दार उघड" म्हणत बसली होती.

झाकण उघडून नवरा वर आला. "कोण होतं मागे?"

उस्तादांनी मुंगीला वर त्याच्या हातात दिलं. तिला छातीशी धरून तो खाली उतरला.

आता आमची छोटी गाडी काढतानाही मी हात टेकवत फेरी मारते. शेजारी हसतात, हसोत. तुमची गाडी दारात उभी असेल, तर किल्ली फिरवण्याआधी एकदा मागे जाऊन बघाल? एखादी मुंगी तिथे बसलेली असेल.