टाळीची जागा

नाटक आधी बॉस्टनमध्ये करायचं, तिथे नीट बसवायचं आणि मग न्यूयॉर्कला न्यायचं, ही आमच्या धंद्याची रीत. पाहुण्यांना वाढण्याआधी शेजाऱ्यांना चाखायला देतात, तसंच. शेजारी नाक मुरडतील ते काढून टाकायचं. पण आमचे दिग्दर्शक कॉइल यांनी काढायला घेतलं, ते शेजाऱ्यांनी बोटं चाटून खाल्लं होतं. व्हर्ना लिंडक्विस्टचं गाणं.

व्हर्नाचा उभा जन्म नाचणाऱ्या पोरींच्या मागच्या रांगेत गेला. नट्या आल्या, गेल्या. हिचा चेहरा कुणाच्या लक्षात राहिला नाही. या नाटकात पहिल्यांदा तिला नाव असलेली भूमिका मिळाली आणि स्वतःचं असं एक गाणं.

प्रसंग साधाच. कोळ्याच्या विधवेचं स्वयंपाकघर, पहाटेची वेळ. मुलगी बॅग घेऊन शहराकडे निघालीय. आई गाते. काय गाते? कॉफी गार होतेय, पाव भट्टीतून निघालाच बघ, तुझ्या कोटाचं बटण सैल झालंय, थांब, टाकते टाका. अख्ख्या गाण्यात ‘जाऊ नकोस’ हे शब्द नाहीत. आमचा संगीतकार सॉल वेक्सलर, त्याने चाल अशी बांधलीय की ते शब्द ऐकणाऱ्याच्याच घशात अडकतात. मी जन्मभर वाद्यवृंद चालवला, पण बोलणं संपून गाणं नेमकं कुठे सुरू व्हावं हे इतकं अचूक साधलेलं फार थोड्या वेळा पाहिलं. माणसाला बोलवेनासं झालं की त्याने गावं. एवढंच तर आमचं सगळं शास्त्र.

शेवटी व्हर्ना वरचा सूर लावायची, माझा हात खाली यायचा, सगळी वाद्यं मिळून एक ठोका द्यायची. ती टाळीची जागा. तो ठोका पडला की हात आपोआप वाजतात. आणि बॉस्टनचे लोक थांबायलाच तयार नसत.

तेवढा वेळ मुलीचं काम करणारी कॉनी मरूलिस हातात बॅग धरून बसची वाट बघत असल्यासारखी उभी. टाळ्या ओसरल्या की दारात उभं राहून तिने आपलं गाणं म्हणायचं. सगळं नाटक त्या गाण्यावर उभं, आणि नेमकं तेच रोज पडायचं. लोक खोकायचे, खुर्चीत चुळबुळायचे. त्यांचं रडून झालेलं असायचं.

मंगळवारी कॉइल म्हणाले, “आईचं गाणं उद्या दुपारच्या खेळात शेवटचं. नंतर काढलं.” सॉलने मान खाली घातली. मी भांडलो, तर कॉइल म्हणाले, “मॉरी, टाळ्या मलाही ऐकू येतात. पण नाटक तिथे मरतं.” त्यांचं खरं होतं, म्हणून मला जास्तच राग आला.

बुधवारी सकाळी व्हर्नाला सांगायचं काम माझ्याच गळ्यात पडलं. थिएटरसमोरच्या खाणावळीत ती सूपमध्ये बिस्किटं चुरत बसली होती.

“काढलं ना माझं गाणं?” मी बसायच्या आत तिने विचारलं.

“कोण म्हणालं?”

“तू टोपी हातात घेऊन आलायस. मयताला आल्यासारखा.”

“तो कॉइल गाढव आहे.”

“गाढव कसला, त्याचं बरोबर आहे. ती पोर माझ्यामागे उभी असते ना, मला कळत नाही होय? मी एकटीच सगळं खाऊन टाकते. तिला काय उरणार?” तिने चमचा खाली ठेवला. मग तिचा आवाज बदलला. “पण मला हे गाणं हवंय रे. खरंच हवंय. पुन्हा मागच्या रांगेत जायचं म्हटलं तर आता जीव जाईल माझा.”

सूप गार झालं. वाटी बाजूला सारून ती म्हणाली, “तू तो शेवटचा ठोका देऊ नकोस.”

“म्हणजे?”

“मी वरचा सूर लावतच नाही. ओळ अर्धी सोडते आणि सरळ बोलायला लागते. तू व्हायोलिनं तशीच हळू चालू ठेव, कॉनीच्या गाण्यापर्यंत.”

“अगं, मग टाळी कुठे पडणार?”

“नाही पडणार.”

“वेडी आहेस का? एवढ्या वर्षांनी मिळाली ती टाळी...”

“टाळी गेली तर गाणं राहील, मॉरी. दोन्ही नाही राहणार.”

दुपारच्या खेळाआधी मी वादकांना गुपचूप सांगितलं. कॉइलना विचारलं असतं तर ते नाहीच म्हणाले असते.

त्या दुपारी व्हर्ना जशी गायली, तसं पुन्हा कुणी गायलेलं मी ऐकलं नाही. बटणाला टाका घातला, दोरा दातांनी तोडला. शेवटची ओळ आली. माझा हात सवयीने वर गेला. खोटं कशाला सांगू, तो तिथेच रोखताना मला रडू आलं. व्हर्नाने ओळ अर्धी सोडली, मुलीकडे पाठ केली आणि म्हणाली, “निघ आता. गाडी चुकेल.”

पुढच्या रांगेतल्या टोप्या घातलेल्या बायकांनी टाळीसाठी हात उचलले होते. ते तसेच हवेत राहिले. व्हायोलिनं वाजत राहिली. कॉनीने बॅग उचलली, दारात गेली आणि गायली. तिचं गाणं संपलं तेव्हा लोक उठून उभे राहिले. टाळ्या थांबेनात, आणि त्या सगळ्या तिच्यासाठी होत्या.

खेळ संपल्यावर कॉइल आत आले. कॉनीला त्यांनी मिठीच मारली. मग व्हर्नाला म्हणाले, “तुमचं गाणं राहू दे. आता मध्ये येत नाही ते.” व्हर्ना म्हणाली, “थँक्यू, मिस्टर कॉइल,” आणि खुर्चीवर मटकन बसली. डोळे पुसायला तिला काही सापडेना. मी माझा रुमाल दिला.

तेवढ्यात कॉनी धावत आली. “मिस लिंडक्विस्ट, मी आज काहीच वेगळं केलं नाही. रोजच्यासारखीच तर गायले. आज काय झालं हो लोकांना?”

मी तोंड उघडलं. व्हर्नाने माझ्या बुटावर टाच दाबली.

“आज तू छान गायलीस, पोरी,” ती म्हणाली. “उद्याही अशीच गा.”