मागचं इंजिन

घाटात मालगाडीला दोन इंजिनं लागतात, एक पुढून ओढायला, एक मागून रेटायला. पुढचं इंजिन घाट ओलांडून गावोगाव जातं. मागचं माथ्यावर सोडतात, ते मुकाट खाली येतं. मागचा ड्रायव्हर बावीस वर्षं असा मुकाट खाली येत होता. आणि पुढच्या इंजिनावर कोण? तर त्याचा साडू! सहा वर्षांची नोकरी, कालचं पोर!

"धाकटीच्या नवऱ्याला बघा," बायको सकाळीच म्हणाली होती. "नाहीतर तुम्ही, घाण्याचे बैल."

आज तर मोठे साहेब साडूच्या शेजारी बसले होते. पुढची कायमची जागा एकच होती. गाडी धड वर पोचली, की ती जागा साडूच्या घशात जाणार होती. मागच्याचा नुसता जळफळाट चालला होता.

अवघड वळणाआधी पुढून दोन लांब शिट्ट्या आल्या. आता मागच्यानं दोन शिट्ट्या देऊन पूर्ण जोर लावायचा, ही रीत. त्यानं शिट्ट्या दिल्या, पण जोर काही लावला नाही. होऊ दे की फजिती, कळू दे साहेबांना!

गाडी कण्हली, थांबली, आणि सिमेंटनं भरलेले चाळीस डबे मागे सरकायला लागले. थेट त्याच्या अंगावर! बाप रे! त्याची पाचावर धारण बसली. त्यानं होता नव्हता तो सगळा जोर लावला. गाडी जागीच अडली, मग इंचाइंचानं वर चढू लागली.

वायरलेस चालूच होता. त्यावर साडू शेजारच्या साहेबांना सांगताना ऐकू आला, रडवेला. "साहेब, चाकं माझीच घसरली असणार. मागे साडूभाऊ होते म्हणून वाचलो. दुसरा कोणी असता तर आज आपण दरीत होतो."

खरं सांगावं तर नोकरी जाणार होती.

"असा माणूस मागेच हवा," साहेब म्हणाले. "रिटायर होईपर्यंत यांना इथून हलवायचं नाही. लिहूनच देतो."

"ऐकलंत का, साडूभाऊ?" साडू आनंदानं ओरडला. "माझ्यामागे कायम तुम्हीच!"

"ऐकलं," तो म्हणाला, आणि माथा येईपर्यंत रेटत राहिला.