दुसऱ्या खंडाचे म्हणणे

मी दुसरा खंड. अंगावर फिकट निळे कापड, पाठीवर पुसट झालेली सोनेरी अक्षरे, आत चारशे अठरा पाने. दोन महायुद्धांच्या मधल्या वीस वर्षांत अमेरिकेने परदेशांशी कसे वागायचे ठरवले आणि प्रत्यक्षात कशी वागली, हे सांगणाऱ्या तीन भावंडांपैकी मी मधला. आम्हां तिघांना ग्रंथालयातून काढून टाकण्याचे घाटत आहे. त्यापूर्वी माझे म्हणणे ऐकून घ्यावे. हा दयेचा अर्ज नव्हे.

प्राध्यापक ॲल्डन व्हिटकॉम यांना आम्हांला लिहायला अकरा वर्षे लागली. वॉशिंग्टनच्या सरकारी दप्तरखान्यात बसून ते वकिलातींच्या जुन्या तारा वाचत, एकेका तारेचे टिपण कार्डावर करत आणि ती कार्डे बुटांच्या खोक्यांत रचत. घरच्या जेवणाच्या टेबलावर खोक्यांची इतकी गर्दी झाली, की कुटुंब स्वयंपाकघरात उभ्याने जेवू लागले. प्रकाशकांनी सुचवले, तिन्ही खंडांचा एकच करा, लोकांना वेळ नसतो. प्राध्यापकांनी उलटटपाली कळवले, "वेळ नव्हता म्हणूनच ती वीस वर्षे वाया गेली. एक ओळही कापणार नाही." तो हट्ट माझ्या शिवणीत उतरला आहे.

१९५७ साली आम्ही ओहायोतल्या हार्लन फेरी या गावी आलो. गाव काचकारखान्याचे, ग्रंथालय दोन दालनांचे. सुरुवातीला कॉलेजची मुले येत. एकाने माझ्या पहिल्या प्रकरणात पेन्सिलीने रेघा ओढल्या आणि दुसऱ्या प्रकरणापाशी नाद सोडला. पुढे कोणीच येईना. लोक आमच्यासमोरून जात, थांबत मात्र बागकामाच्या फळीपाशी. मला त्याचे वैषम्य वाटले नाही. आपण आवडावे म्हणून आमचा जन्म नव्हता.

१९८३ साली डेलबर्ट यॉस्ट आले. एकेचाळीस वर्षे काचेच्या भट्टीवर काम करून नुकतेच निवृत्त झालेले. शाळा आठवीनंतर सुटलेली. त्यांचा धाकटा भाऊ व्हर्जिल १९४४ साली इटलीच्या किनाऱ्यावर मारला गेला होता. लढाई कशी झाली ते सगळेच सांगतात, ती का टळली नाही ते मला हवे आहे, असे त्यांनी पहिल्याच दिवशी ग्रंथपालांच्या टेबलापाशी सांगितले. मग दर गुरुवारी सकाळी दहाला ते येत, शब्दकोश शेजारी ठेवत आणि चारच पाने वाचत. १९२८ साली पॅरिसमध्ये पंधरा देशांनी, युद्धाचा मार्ग सोडला, अशा करारावर सोन्याच्या लेखणीने सह्या केल्या, त्या पानावर ते तीन गुरुवार बसून होते. सह्या करणाऱ्यांत इटलीही होती.

वाचून झाले की ते मला स्वतःच्या हाताने जागेवर ठेवत. वाचनाच्या टेबलावर पाटी होती, 'पुस्तके येथेच ठेवावीत'. ती बेशिस्त पोरांसाठी असणार, असा त्यांचा समज. घरी त्यांनी मला कधी नेले नाही. तेवढ्यात दुसऱ्या कोणाला लागलो तर? अशी तेरा वर्षे गेली.

गेल्या वसंतात एका गुरुवारी आम्ही फळीवर नव्हतो. ढकलगाड्यावर होतो, रद्द पुस्तकांत. नव्या ग्रंथपाल पॉलेट रेनर यांना यॉस्टांनी कारण विचारले.

"मिस्टर यॉस्ट, पंचवीस वर्षांत ही पुस्तकं कोणी उघडलेलीच नाहीत. यंत्रात तशी नोंद आहे."

"मी उघडतो, बाई. दर गुरुवारी."

"मग टेबलावर का नाही ठेवत? टेबलावरचीच आम्ही मोजतो."

यॉस्टांनी पाटीकडे पाहिले. त्यांची मान लाल झाली. पॉलेटबाई वरमल्या, घेऊन जा, फुकट न्या, म्हणाल्या.

"मी दोनदा वाचलीत. ज्यांनी वाचली नाहीत, त्यांच्यासाठी ती इथं हवीत."

ग्रंथालयाच्या विश्वस्तांची सभा मंगळवारी होती. कोणाही गावकऱ्याला तीन मिनिटे बोलता येते. यॉस्ट एरवी अंत्यविधींना घालायचा सूट घालून गेले. अध्यक्ष बर्ट ॲमस्टट्झ, मोटारींचे विक्रेते, हसत म्हणाले, "डेलबर्ट, जे हलत नाही ते मी दुकानात ठेवत नाही."

"आगीचा बंब गेल्या वर्षी दोनदाच हलला, बर्ट. तोही विकून टाक."

सभागृहात हशा पिकला. शेवटी ठरले ते असे: वर्षअखेरीपर्यंत आमच्यापैकी एक तरी खंड वाचलेल्या बारा माणसांनी कागदावर सही करावी, नाहीतर आम्ही गाड्यावर. खटल्याच्या ज्युरीत बसतात तेवढी बारा माणसे आण म्हणजे झाले, असा बर्टने टोला मारला.

दुसऱ्या दिवशी उपाहारगृहात भट्टीवरचे जुने सोबती जमले. हार्वे क्लम्पने लेखणी मागितली. "आण इकडे तो कागद. कॉफी निवायच्या आत बारा करून देतो."

यॉस्टांनी कागद घडी करून खिशात ठेवला. "न वाचता सही नाही."

"अरे, आम्ही तुझ्यासाठी करतोय, म्हाताऱ्या. कोण बघायला येणार आहे?"

"मनात नसलेल्या सह्यांचा एक कागद पॅरिसमध्ये झाला होता, हार्वे. त्याची किंमत व्हर्जिलनं दिली. दुसरा मी करू देणार नाही."

हार्वेने टोपी उचलली आणि निघून गेला. दोन महिने त्याने तोंड दाखवले नाही. मग एका सोमवारी ग्रंथालयात आला, यॉस्ट नसताना. मला घेऊन खिडकीपाशी बसला, आणि प्रत्येक पानावर कुरकुरत, सप्टेंबर सरेपर्यंत, मला शेवटपर्यंत वाचले.

आज एकोणीस नोव्हेंबर. कागदावर सात सह्या आहेत. त्यांत एक पॉलेटबाईंची, रोज जेवणाच्या सुट्टीत वाचून केलेली. बर्टची नाही. पाच कमी आहेत आणि आठवडे उरले सहा. कदाचित मला जावे लागेल. गेलो तर सात खऱ्या सह्यांनिशी जाईन. जगातल्या कित्येक करारांना तेवढ्याही लाभल्या नाहीत.

पण आज मी फळीवर आहे, आणि एक ओळही कमी करून घेणार नाही. तुम्हांला यायचे असेल तर या. दिवसाला दहा पाने पुरेत. फक्त वाचल्याखेरीज सही करू नका.