काळुरामच्या चेहऱ्याचा साचा

मित्रांनो, मी एक जुना साचा आहे. प्लास्टरचा, आणि आता फुटलेला. पेणजवळच्या जोहे गावात, मूर्तींच्या कारखान्यात, माझ्याभोवती सगळे गणपतीचे साचे. मी तेवढा माणसाच्या चेहऱ्याचा, काळुरामच्या.

काळुराम खाडीकाठच्या मिठागरातला. आमच्याकडे माती मळायला आला, नकला करून सगळ्यांना हसवायचा, आणि एक दिवस सिनेमात काम करायला मुंबईला गेला. तिथे मेकअपवाल्यांना त्याच्या मापाची खोटी नाकं, जखमा, सुरकुत्या बनवायच्या होत्या. मग त्याचा दोस्त, मूर्तिकार दिनानाथ, याने त्याला डोळे मिटून आडवं निजवलं, चेहऱ्याला तेल चोळलं, नाकात नळ्या घातल्या आणि वरून प्लास्टर ओतलं. असा माझा जन्म झाला.

काय थाट होता माझा! माझ्यातून निघालेल्या चेहऱ्यांवर भाजलेला डाकू घडला, म्हातारा सावकार घडला, भिकारी तर किती घडले. आधी हिंदी सिनेमात, मग टीव्हीवर. गावाकडे, रामवाडीत, लोक पडद्याकडे बोट दाखवत, "आपला काळुराम हाय त्यो!" तोच काळुराम पेणच्या स्टँडवर उतरला, तर कुणी वळून बघत नसे. पुढे मला माळ्यावर टाकलं. पावसाळ्यांत मी ओल धरली, माझ्या कडा झिजल्या.

मग एका मालिकेच्या शूटिंगमध्ये आगीचा प्रसंग करताना काळुराम गेला. "चेहरा उघडू नका," मृतदेहासोबत आलेली माणसं म्हणाली. त्याच्या बायकोला, पुतळीला, शेवटचं बघताही आलं नाही. लग्नाचा फोटो खाडीचा बांध फुटला तेव्हाच पाण्यात गेला होता. उरलेले सगळे फोटो डाकूचे नि सावकाराचे. भिंतीवर लावायला नवऱ्याचा स्वतःचा चेहराच नव्हता. म्हणून ती जोह्याला आली.

"चेहरा एकदाच निघंल, वैनी," मला हातात तोलत दिनानाथ म्हणाला. "मंग साचा ऱ्हाणार नाय."

"माला एकच पुरं."

प्लास्टर भरलं. काढताना माझे तुकडे झाले. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? पण चेहरा अख्खा निघाला, हनुवटीवरच्या व्रणासकट. डोळे मात्र मिटलेले.

गणपतीचे डोळे आखावेत ते दिनानाथनेच, असं सगळे म्हणत. त्याने कुंचला भिजवला, आणि त्याचा हात तिथेच थांबला.

"त्याची नजर कशी व्हती गो, वैनी? माझ्या हातून गणपतीचेच डोले येतील."

पुतळी आठवत राहिली. मग तिने कुंचला त्याच्या हातातून काढून घेतला.

"ऱ्हाऊ देत मिटलेले, भावजी. शूटिंगवरून दमून यायचे नि निजायचे. माला ते असेच ठावं हायेत."

चेहरा लुगड्यात गुंडाळून ती एसटीत बसली. दिनानाथ माझे तुकडे गोळा करत रडला.

मित्रांनो, उघडे डोळे साच्यात घेता येत नाहीत. तुमच्या घरी कुणी दमून येत असेल, तर ते माणूस निजायच्या आधी त्याच्याकडे नीट बघून घ्या.