कादवेच्या तळातली होडी

नाशिकला समुद्र नाही, हे कळायला भूगोलाचं पुस्तक उघडावं लागत नाही. तरी सिंधू गांगुर्डेनं एम.ए.ला विषय घेतला तो जहाजांच्या इतिहासाचा. नाशकातल्या कॉलेजात नोकरी लागल्यावर ती हात धुऊन मागे लागली ती गोदावरी, दारणा, कादवा या नद्यांत बुडालेल्या होड्यांच्या. स्टाफरूममध्ये हशा पिकायचा. "बाई, होडी म्हणजे का जहाज?" कुणीतरी हमखास विचारायचं. सिंधू चहाचा कप खाली ठेवून म्हणायची, "जिच्यात माणसं बुडतात ते जहाजच. लांबी-रुंदी तुम्ही मोजत बसा."

या हट्टाचं मूळ तिच्या गावात, हिंगणसांगवीत होतं. कादवेकाठच्या या गावाला पूर्वी दोन होड्या होत्या. चांगली होती ती गावाची. जुनी, गळकी महारवाड्याची. एका होडीत बसलं तर विटाळ व्हायचा ना! शेहेचाळीसच्या पावसाळ्यात पिंपळगावच्या बाजाराहून परतताना ती गळकी होडी भरल्या पात्रात फुटली. नऊ माणसं गेली. त्यांत सिंधूची आई भागीबाई होती. पाळण्यातल्या सिंधूला मालनमावशीनं वाढवलं.

आता त्र्याहत्तर साल होतं. दुष्काळानं कादवा कोरडी पडली होती आणि नेमका तेव्हाच पूल बांधून झाला होता. उद्घाटनाला मंत्री येणार होते. पुलाच्या गावाकडच्या तोंडाशी सरपंच कोंडाजी पाटलांनी हौसेनं दगड बसवला: 'या गावाच्या होडीने शंभर वर्षांत एकही माणूस बुडू दिला नाही.'

सुट्टीत गावी आलेल्या सिंधूनं तो वाचला आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"पाटील, माझी आई काय पोहायला गेली होती?"

"अगं, गावाच्या होडीचं लिवलंय," कोंडाजी शांतपणे म्हणाले. "अन् तुमची होडी व्हती, असं तरी कुठं लिवून ठेवलंय?"

"लिहिलेलं नसेल तर काढून दाखवीन."

महारवाड्याला आता बौद्धवाडा म्हणत. तिथली माणसं दिवसभर दुष्काळी कामावर खडी फोडायची आणि संध्याकाळी फावडी घेऊन सिंधूबरोबर आटलेल्या डोहात उतरायची. कितीतरी खड्डे फुकट गेले. शेवटी एका खड्ड्यात काळं, भिजकं लाकूड लागलं, आणि बघता बघता गाळातून अख्खी होडी वर आली. गाव बघायला लोटलं.

कोंडाजींनी वाकून पाहिलं. "ही आपली नाय. वरच्या अंगानं पुरात वाहत आली असंल."

चार माना हलल्या. सिंधूनं हातातलं फावडं टाकलं. एवढा जीव तोडून हाती आलं ते बेवारशी लाकूड! मालनमावशी मात्र होडीच्या कडेला बसून पदरानं गाळ पुसत होती, मेलेल्या बहिणीचं तोंड पुसावं तशी. पुसता पुसता तिची बोटं अडली. तिनं तांब्यातलं पिण्याचं पाणी त्या फळीवर ओतलं. दुष्काळातलं पाणी! फळीवर कोरलेली अक्षरं उघडी पडली: राणोजी पाटील.

राणोजी म्हणजे कोंडाजींचे वडील, तेव्हाचे पाटील; गावाच्या होडीवर त्यांचंच नाव असायचं. गावाच्या होडीची फळी झिजली की नवी बसवायची आणि जुनी महारवाड्याच्या होडीला ठोकायची, अशी रीतच होती. उतरलेली लुगडी द्यायची, शिळी भाकरी द्यायची, तशी उतरलेली फळी. देताना तिच्यावरचं आपलं नाव तासून काढायचं मात्र राणोजींना सुचलं नव्हतं. उतरलेल्या वस्तूकडे कोण बघतंय?

संध्याकाळी कोंडाजी मालनमावशीच्या दारात आले. त्या दारात ते आजवर कधी आले नव्हते. "दगड बदलतो. नऊ जणांची नावं टाकतो. तेवढी फळी मला दे, पोरी. माझ्या बापाचं नाव हाय त्यावर."

सिंधूचा जीव एकदम हलका झाला. आईचं नाव दगडावर! आणखी काय हवं होतं तिला? तिनं मावशीकडे पाहिलं. मावशी म्हणाली, "तुझं तू बघ. मी नाय सांगायची."

सिंधूनं फळीवरची ती अक्षरं मनात पुन्हा वाचली. मग म्हणाली, "नावं लागतीलच, पाटील. पण माणसं बुडाली कशी, असं उद्या कुणी विचारलं तर त्याचं उत्तर त्या फळीवर आहे. आणि तुमच्या वडिलांनी ती दिली होती ना? दिलेली वस्तू परत मागू नये."

उद्घाटनाच्या दिवशी मंत्र्यांची गाडी पिंपळगावच्या बाजूनं आली, ती पुलाच्या अलीकडेच थांबली. पुढे होडी होती, बौद्धवाड्याच्या खांद्यांवर. फौजदार धावत आला. "बाई, बाजूला घ्या ते लाकूड!"

"हे जहाज आहे," सिंधू म्हणाली. "सत्तावीस वर्षं पलीकडे पोचायचं राहिलंय. आधी ते जाईल, मग गाडी."

फौजदारानं काठी उगारली. कुणी खांदा काढला नाही. त्यानं मंत्र्यांकडे पाहिलं, मंत्री खिडकीतून दुसरीकडे पाहू लागले, आणि काठी खाली आली. होडी पुलावर चढली. मागून गाडी बैलगाडीच्या चालीनं येत राहिली.

पलीकडे त्यांनी होडी कोंडाजींच्या दगडासमोर टेकवली, राणोजी पाटलांची फळी रस्त्याकडे करून. होडीआड गेलेल्या त्या जुन्याच दगडावरचं आता काही वाचता येत नव्हतं. सिंधूनं ओल्या कडेवर हात ठेवला.

"उतर, आई," ती म्हणाली. "गाव आलं."