टेबलाखालची जागा

समोरच्या फॅशनवाल्याचा जळफळाट व्हावा, एवढ्याच फायद्यासाठी शिंप्याने मला ऐसपैस करून घेतलं. मित्रांनो, मी त्याचं कापायचं टेबल. आता बरंच जुनं. खोली लहान आहे, असं सुताराने सांगून पाहिलं. मालक हटले नाहीत. फॅशनवालाही शिंपीच. दोघांचं बोलणं बंद होतं. का, ते दोघांनाही नीट आठवत नव्हतं. पण अबोला पाळण्यात दोघेही शिस्तीचे.

काय दिवस होते ते! मालक माझ्यावर कापड पसरायचे, खडूने खुणा करायचे आणि कात्री अशी चालवायचे की मलाच गुदगुल्या व्हायच्या.

मग एका दुपारी ते वादळ आलं. गावभर पत्रे उडू लागले. मालक, मालकीणबाई आणि शेजारची इस्त्रीवाली माझ्याखाली शिरले. तेवढ्यात दारात फॅशनवाला! त्याचं छप्पर गेलं होतं. तरी स्वारी उंबऱ्यावर थबकली.

"भावोजी, भांडण नंतर करा," मालकीणबाई म्हणाल्या, "आधी आत या."

पण फॅशनवाल्याचा देह दोघांच्या मापाचा. मालक मुकाट्याने बाहेर सरकले आणि उजव्या हाताने माझा पाय घट्ट धरून बसले. तुळई पडली ती त्याच हातावर.

हात वाचला, पण बोटांत कात्री धरण्याची ताकद उरली नाही. मालकांनी मला विकायला जुन्या लाकडांचा व्यापारी बोलावला. ते पाहून फॅशनवाला स्वतःची कात्री घेऊन रस्ता ओलांडून आला.

"टेबल राहू दे. तू खुणा कर, मी कापतो."

"तुझी कात्री वाकडी जाते."

"मग ओरड. तोंडाला तर काही झालं नाही ना?"

तेव्हापासून मालक डाव्या हाताने खुणा करतात, ओरडतात, आणि फॅशनवाला कापतो.

आता वादळाच्या आठवणी निघाल्या, की माझ्याखाली निम्मं गाव निघतं. हेडमास्तर होते, पोस्टमन होता, बँकेच्या साहेबांची तर सायकलसुद्धा होती म्हणे. मालक कुणालाच खोडून काढत नाहीत, नुसते हसतात.

मित्रांनो, माझा एक पाय हल्ली डुगडुगतो. त्याखाली पुठ्ठ्याची घडी सारा, पण मला टाकू नका. आणि त्या दुपारची गोष्ट सांगाल तेव्हा हिशेब पुरा सांगा. पत्र्यांची भरपाई सरकारने दिली, काचांची घरमालकाने. माझ्याखालच्या एका जागेची किंमत मात्र एकट्या मालकांनी भरली.